ओरिजिनल हवा की चालू?

गाडीत बसवायच्या म्युझिक सिस्टीमच्या खोक्यावर '५० वॅट × ४' असे ठळक छापलेले असते. छापील मजकुरावर चटकन विश्वास न ठेवण्याची सवय मराठीच्या प्राध्यापकांना व्यवसायानेच लागते. त्यामुळे एका दिवाळीच्या सुटीत आम्ही दोघांनी या एवढ्याशा मजकुराचा अर्थ लावायला घेतला. गणित शाळेतलेच आहे. इंजिन चालू असताना गाडीतल्या विजेचा दाब साधारण १४.४ व्होल्ट असतो आणि गाडीतल्या स्पीकरचा रोध बहुधा ४ ओहम. १४.४ चा वर्ग करून त्याला चाराने भागले, की ५२ च्या आसपास आकडा येतो. खोक्यावरचे पन्नास ते हेच. मात्र एवढी शक्ती मिळण्यासाठी ध्वनीची लाट चौकोनी असावी लागते : वर गेली की तिथेच ताठ उभी, खाली आली की तिथेच आडवी. असली लाट ना कुणाच्या गळ्यातून निघते ना तारेतून. गोलाईदार, म्हणजे सुरेल लाटेसाठी निम्मे धरायचे, म्हणजे सव्वीस. आणि यंत्रातली गळती वजा जाता हातात उरतात वीसच्या आसपास. अतिशयोक्ती अलंकाराला पाठ्यपुस्तकांतली तीच ती उदाहरणे देऊन कंटाळलेल्या सहाध्यायांना हे उदाहरण आम्ही सप्रेम भेट देतो.

पण खरा प्रश्न पुढचा आहे. नेहमीच्या आवाजात ऐकताना गाडीच्या स्पीकरला एक-दोन वॅट पुरतात. मग वीस कमी का पडावेत? आवाज दहा डेसिबलने चढायचा तर शक्ती दसपट लागते. विलंबित आलापीला दोन वॅट पुरत असतील, तर तबल्यावरचा खणखणीत 'धा' दहा डेसिबलने वर उसळतो तेव्हा वीस लागतात, आणि पखवाजाची थाप तर त्याच्याही वर जाते. तिथे यंत्राकडे देण्यासारखे काही उरत नाही आणि लाटेचा माथा छाटला जातो. ऐकणाऱ्याला 'आवाज फाटला' असे दर वेळी कळतेच असे नाही. थाप बोथट होते, दोन स्वरांमधली मोकळी जागा भरून जाते, आणि तासाभराच्या प्रवासात कान उगाचच शिणतात. आमचे घर पुण्यात आणि नोकऱ्या दिवे घाटापलीकडे. रोजचा जाण्यायेण्याचा वेळ हीच आमची संगीत ऐकण्याची हक्काची वेळ; घरी वह्या तपासायच्या असतात. तेव्हा हा शिणवटा घालवण्याच्या इच्छेतून आम्ही गाडीच्या डिकीत वेगळा ॲम्प्लिफायर बसवायच्या विचाराला लागलो, आणि जुना ॲम्प्लिफायर का, कोणता, आणि तो आणल्यावर काय घडले, हे या लेखाचे निमित्त आहे.

(या वस्तूला मराठीत 'ध्वनिवर्धक' म्हणावे असे शब्दकोश सुचवेल. परंतु तो शब्द मांडवातल्या कर्ण्याने केव्हाच बळकावला. दुरुस्ती करणारे लोक नुसते 'ॲम्प' म्हणतात. आम्हीही तेच म्हणू.)

डिकीतला ॲम्प मूलतः काय करतो? बॅटरीच्या बारा-चौदा व्होल्टांच्या कुंपणात तो राहायला नकार देतो. त्याच्या पोटात आधी एक छोटे वीजघर असते : बॅटरीची वीज सेकंदाला हजारो वेळा तोडून-जोडून एका कड्याच्या आकाराच्या रोहित्रातून नेली जाते आणि तिचा दाब वाढवून, अधिक पंचवीस आणि उणे पंचवीस असा काहीसा, ध्वनीच्या ट्रान्झिस्टरांना दिला जातो. तबल्याच्या थापेला उसळायला जागा मिळते ती इथे. जुन्या धाटणीच्या ॲम्पमध्ये जवळजवळ निम्मी वीज उष्णता होऊन वाया जाते, म्हणून त्याच्या अंगावर ॲल्युमिनियमची जाड पन्हळी कातडी असते आणि म्हणून तो वजनाला विटेसारखा लागतो. आजचे 'डी' वर्गाचे ॲम्प फारच काटकसरी आहेत. शंभरातली ऐंशी-नव्वद टक्के वीज स्पीकरपर्यंत पोचवतात, आकाराने कंपासपेटीएवढे असतात आणि तापत नाहीत. त्यांचा आवाज वाईट असतो, असे जुन्याचे भक्त म्हणतात. आम्हाला ते पटत नाही. चांगला 'डी' वर्गाचा ॲम्प आणि चांगला जुना ॲम्प आम्ही एका परिचितांच्या गाडीत एकापाठोपाठ ऐकले आहेत, आणि डोळे मिटून ओळखण्याची पैज आम्ही लावणार नाही.

मग जुना का? त्याचे एक कारण बोलण्याच्या पद्धतीत आहे. गाडीसाठी स्वतंत्र ॲम्पची सुरुवात म्हणून ज्यांचे नाव घेतले जाते त्या जिम फॉसगेट यांनी अमेरिकेतील ॲरिझोनात १९७३ साली हे काम आरंभले. पुढच्या वीस वर्षांत तिथे गाड्यांतल्या संगीताच्या स्पर्धांचे पेव फुटले. या स्पर्धांत गट पडत ते ॲम्पच्या छापील वॅटवरून. साहजिकच कंपन्यांनी उलटी चाल खेळली : शक्ती जितकी कमी छापता येईल तितकी छापायची. ओरायन या कंपनीच्या '२२५ एचसीसीए' या ॲम्पवर ४ ओहमला दर बाजूस अवघे २५ वॅट लिहिलेले असत. स्पीकरचा रोध खाली आणत नेला, की तोच ॲम्प त्याच्या अनेक पट शक्ती देई. रसिकांनी अशा यंत्रांना 'चीटर' म्हटले, म्हणजे लबाड. आमच्या मते ही जगातल्या मोजक्या सज्जन लबाड्यांपैकी एक असावी. खोटे सांगायचे तर कमी सांगावे! पुढे स्पर्धा ओसरल्या, बाजार पसरला आणि हजार-दोन हजार वॅटचे आकडे छापलेली पातळ पत्र्याची खोकी आली. वॅट नेमके कसे मोजायचे याचे अमेरिकी उद्योगसंघटनेचे मानक आले ते २००३ साली : १४.४ व्होल्ट, ४ ओहम, आणि विरूपता एका टक्क्याच्या आत. तेही ऐच्छिक. तेव्हा १९८५ ते १९९५ या सुमाराचा दोन वाहिन्यांचा, छापील शक्ती माफक असलेला ॲम्प शोधायचा, असे आम्ही ठरवले. दुसरे कारण सरळ पैशाचे होते. त्या काळच्या उत्तम बांधणीच्या वस्तूला आज नव्या मध्यम वस्तूपेक्षा कमी किंमत पडते, अर्थात दुरुस्ती धरली नाही तर.

शोध दीड वर्ष चालला. त्याचे साग्रसंगीत वर्णन करत नाही. तपकीर गल्लीत नवा माल असतो, मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर सगळेच असते पण घासाघीस करायला वेळ लागतो, आणि जुन्या बाजारात मिळालेल्या वस्तूचा पूर्वेतिहास विचारायचा नसतो. भारतात त्या काळात परदेशी ग्राहकवस्तूंच्या आयातीवर निर्बंध होते. ते शेवटी २००१ मध्ये उठले. त्यामुळे १९९० च्या आसपासचे जे ॲम्प इथे सापडतात ते बहुतेक कुणाच्या तरी सामानातून, आखातातून आलेले असतात. आम्हाला मिळालेला ॲम्पही तसाच. मस्कतला नोकरी केलेल्या एका गृहस्थांनी १९९१ साली आणलेला, जपानी बनावटीचा, दर बाजूस ४० वॅटचा. त्यांची ती गाडी कधीच विकली गेली होती. ॲम्प मात्र काढून, जुन्या टर्किश टॉवेलात गुंडाळून, कपाटाच्या वरच्या खणात ठेवलेला होता.

जुना ॲम्प घेताना काय पाहायचे, हे एव्हाना आमच्या अंगवळणी पडले होते आणि ते इथे नोंदवणे उपयुक्त ठरेल. आधी तळाचे स्क्रू पाहावेत. त्यांच्या खाचा झिजलेल्या असतील तर आत कुणीतरी येऊन गेले आहे. हस्तलिखिताच्या समासातल्या वेगळ्या शाईइतकीच ही खूण बोलकी असते. मग फ्यूज. ॲम्पवर वीस लिहिलेले असताना तीसचा फ्यूज बसवलेला दिसला, तर मागल्या मालकाने रोगाऐवजी ताप मोजायचे यंत्रच बदलले असे समजावे. विजेच्या दोन मुख्य टोकांमधला रोध मीटरने मोजावा. तो शून्याला टेकला असेल तर नमस्कार करून निघावे. पहिल्यांदा वीज देताना मध्ये बारा व्होल्टचा एक दिवा जोडावा : आत काही जळाले असेल तर दिवा झगझगून पेटतो आणि ॲम्प वाचतो. शेवटी स्पीकरच्या टोकांवर, काहीही न वाजवता, किती दाब आहे ते पाहावे. काही दशांश मिलिव्होल्टांपासून तीस-चाळीस मिलिव्होल्टांपर्यंत चालते. तिथे एखादा व्होल्ट आढळला तर तो ॲम्प स्पीकर जाळणार. त्या गृहस्थांच्या जेवणाच्या टेबलावर आम्ही हे सगळे केले. त्यांच्या पत्नी चहा ठेवून दाराशी उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "मुलीला बघायला आलेल्यांनीसुद्धा एवढं नव्हतं बघितलं." किंमत साडेचार हजार ठरली. टॉवेल त्यांनी ठेवून घेतला.

ॲम्प वाजत होता, पण पहिल्या दहा मिनिटांत डावी बाजू मधूनच खरखरे आणि तापला की उजवीकडून बारीक 'हिस्स' येई. म्हणून तो एका दुरुस्ती करणाऱ्या काकांकडे गेला. साठी उलटलेले, रेडिओच्या जमान्यापासून या धंद्यात असलेले. त्यांनी झाकण उघडले, नाक जवळ नेले, आणि भिंगातून न पाहताच म्हणाले, "कपॅसिटर गळलेत." मग तापलेली इस्त्री, म्हणजे सोल्डरची, एका टोकाला टेकवली आणि दुकानभर बोंबलासारखा वास पसरला. त्या काळातल्या कित्येक छोट्या कपॅसिटरांत जो रासायनिक द्रव असे तो वर्षानुवर्षे रबरी बुडातून झिरपतो, तांब्याच्या बारीक वाटा खातो, आणि तापवला की मासळीचा वास देतो. ही त्या पिढीचीच प्रकृती आहे. अनेक नामांकित बनावटींत ती आढळते.

काकांनी हात पुसले आणि विचारले, "मॅडम, ओरिजिनल हवा की चालू?"

आम्ही दोघेही काही क्षण गप्प राहिलो, कारण हा प्रश्न आम्ही आयुष्यभर वर्गात निराळ्या शब्दांत विचारत आलो आहोत. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. लेखकांच्या हातून शिरलेले अपपाठ काढले, आणि जी प्रत सिद्ध केली ती पुढे लोकांच्या मुखी झाली. १९०९ साली वि. का. राजवाडे यांनी एकनाथपूर्व म्हणून एक वेगळी प्रत छापली आणि मूळ काय, शुद्ध काय, यावर जो वाद सुरू झाला त्यावर अजूनही प्रबंध लिहिले जातात. राजवाड्यांची ओढ आम्हाला समजते. पण वारकऱ्याला रोज पारायणाला प्रत लागते, आणि ती वाचता आली पाहिजे. एकनाथांसमोर जे काम होते ते चालू प्रतीचे होते.

काकांना अर्थात आम्ही यातले काही बोललो नाही. "चालू," असे एकाने म्हटले. "पण काढलेलं काही टाकू नका," असे दुसरीने म्हटले. काकांनी अठ्ठावीस कपॅसिटर बदलले, १०५ अंशांपर्यंत टिकणारे घातले. खाल्ल्या गेलेल्या दोन वाटांवर तांब्याची बारीक तार टाकली. ट्रान्झिस्टरांखालचा वाळून खडू झालेला उष्णतावाहक लेप खरवडून नवा लावला. आवाजाच्या खटक्यांत फवारा मारून ते मोकळे केले. ध्वनीचे ट्रान्झिस्टर मात्र बदलायला त्यांनीच नकार दिला. "हे चालतायत ना? मग यांना हात लावायचा नाही. आज ज्या नावाने मिळतात ते हे नसतात, नुसता छाप असतो." जुन्या ट्रान्झिस्टरांच्या नावाने बनावट माल सर्रास विकला जातो, हे आम्हाला नंतर इतरांकडूनही कळले. काढलेले अठ्ठावीस कपॅसिटर त्यांनी एका विक्सच्या डबीत भरून दिले आणि त्यांच्या जागांचा एक नकाशा पेन्सिलने कागदावर काढून दिला. पाठभेदांची एवढी व्यवस्थित सूची आमच्या विद्यापीठीय प्रकाशनांतही विरळा. बिल झाले तीन हजार दोनशे, म्हणजे खरेदीच्या जवळजवळ पाऊणपट. जुन्या वस्तूच्या किमतीत हे आधीच धरून चालावे.

बसवण्याचे काम एका रविवारी झाले. बॅटरीपासून डिकीपर्यंत जाड तांब्याची तार न्यावी लागते, आणि बॅटरीजवळच, हातभराच्या आत, तिच्यावर फ्यूज घालावा लागतो. गाडीला अपघात होऊन तार कुठे घासली तर आग लागू नये म्हणून. बाजारात तांब्याचा मुलामा दिलेली ॲल्युमिनियमची तार तांब्याच्याच तोऱ्यात विकतात. सुरीने खरवडून आतला रंग पाहावा. पहिल्या दिवशी सपाट रस्त्यावर सारे छान वाजले आणि दिवे घाट चढू लागलो तसा गाण्यामागून एक बारीक शीळ येऊ लागली. ॲक्सिलरेटर दाबावा तशी तिची पट्टी चढे, गिअर बदलला की उतरे. गाडीच्या अल्टरनेटरचा तो आवाज. संगीत आणणारी तार आणि विजेची तार यांचा 'भूभाग' दोन वेगळ्या जागी जोडला गेला, की त्यांतल्या किंचित फरकातून तो शिरतो. डिकीतल्या पत्र्याचा रंग घासून, लख्ख धातूवर ॲम्पची काळी तार आवळली आणि म्युझिक सिस्टीमची तारही त्याच बिंदूपाशी आणली, तेव्हा शीळ गेली. एका विद्यार्थ्याने सुचवले होते, की शीळ गाळणारी एक डबी मिळते, ती लावा. डबी शिळेबरोबर बरेच काही गाळते.

त्यानंतरची तीन वर्षे सांगण्यासारखे काही घडले नाही, आणि आम्हाला ते फार आवडले. मे महिन्यात, उन्हात उभ्या गाडीत, ॲम्प कधी तापून आपोआप बंद पडतो आणि दहा मिनिटांनी पुन्हा सुरू होतो; त्याच्या अंगावर दप्तर ठेवायचे नाही, एवढाच त्याचा नियम. विलंबित ख्यालाचा तंबोरा गाडीच्या आवाजातूनही वेगळा ऐकू येऊ लागला. भाषणांची, काव्यवाचनांची जुनी ध्वनिमुद्रणे तर फारच वेगळी वाटली : वक्त्याने वाक्य संपवून घेतलेला श्वास, कागद उलटल्याचा आवाज, मागे कुणी खोकलेले. वर्गात ऐकवण्यासाठी आम्ही जे उतारे निवडतो ते आता बरेचसे घाटातच निवडले जातात.

या ॲम्पची एक खासियत आम्ही घेताना फारशी मोजली नव्हती. आजच्या ॲम्पवर आवाजाची पातळी ठरवणारा एकच खटका दोन्ही बाजूंना मिळून असतो. याच्यावर दोन आहेत, डावीकडचा वेगळा, उजवीकडचा वेगळा. आपल्याकडे चालक उजवीकडे बसतो, उजवा स्पीकर त्याच्या जवळ येतो आणि गायक त्या दारात उभा असल्यासारखा वाटतो. म्हणून आम्ही उजवा खटका किंचित उतरवून, गायकाला काचेच्या मधोमध आणून, तिथे पेन्सिलीने खूण केली होती.

चौथ्या पावसाळ्यात आमच्यातली एक म्हणू लागली, की उजवी बाजू मेली आहे. तिचे निरीक्षण मोठे नेमके होते. गायकाचा स्वर मधोमध आहे, पण 'स', 'श', 'च' डाव्या दाराकडून येतात. तंबोऱ्याचा खर्ज मध्ये आणि त्याची झार डावीकडे. स्वर एकीकडे आणि व्यंजने दुसरीकडे, असे वर्णन ध्वनिविज्ञानाच्या कोणत्याही पुस्तकात आम्ही वाचले नव्हते. दुसऱ्याला त्याच जागी बसून तसे काहीच ऐकू येईना. वाद घालण्यापेक्षा प्रयोग बरा, म्हणून महाविद्यालयाच्या वाहनतळात आम्ही ॲम्पच्या दोन्ही वाहिन्या आत येताना आणि बाहेर जाताना उलट्या जोडल्या. ॲम्पची उजवी बाजू अशक्त असती, तर आता व्यंजने उजवीकडे सरकायला हवी होती. ती डावीकडेच राहिली. म्हणजे ॲम्प सुटला. उरला स्पीकर. तेव्हा ती चालकाच्या आसनावर गुडघे टेकून, मागच्या काचेकडे तोंड करून बसली. सुरक्षारक्षक छत्री घेऊन पाहत उभा होता. तंबोरा सुरू केला आणि ती म्हणाली, "आता इकडून येतंय." बोट होते उजव्या दाराकडे, तिच्या डाव्या हाताला.

व्यंजने गाडीच्या डावीकडे नव्हती, तिच्या डावीकडे होती. आम्ही गाणे बंद केले आणि बराच वेळ पावसात तसेच बसून राहिलो.

कानाच्या तपासणीत आलेख हाती आला. डावा कान जवळजवळ सरळ रेषेत. उजवा ४००० हर्ट्झपाशी ५० डेसिबलपर्यंत खाली उतरलेला. खालच्या पट्टीतल्या आवाजाची दिशा मेंदू दोन कानांत आवाज पोचण्यातल्या वेळेच्या फरकावरून ठरवतो, वरच्या पट्टीतल्या आवाजाची त्याच्या कमीअधिक जोरावरून. म्हणून तिचे स्वर जागेवर राहिले आणि ऊष्म व्यंजने सरकली. वर्गात उजव्या बाजूच्या बाकांवरून आलेले प्रश्न तिला पुन्हा विचारायला लावावे लागत होते आणि मुले हल्ली पुटपुटतात असे आम्ही दोघेही म्हणत होतो, याचा उलगडा त्या आलेखात होता. कारण सापडले नाही. वयोमान म्हणावे तर दुसरा कान साक्ष देत नाही. जे गेले ते परत येणार नाही, एवढे डॉक्टरांनी स्पष्ट सांगितले, आणि श्रवणयंत्र सुचवले.

श्रवणयंत्र वर्गात उत्तम काम करते. त्याबद्दल तक्रार नाही. गाडीत मात्र त्याने विचित्र खोडी काढली. यंत्राला स्वतःच्याच आवाजाची शीळ वाजू नये म्हणून एकसुरी, लांबलेला नाद आला की तो दाबून टाकायला शिकवलेले असते. तंबोरा म्हणजे एकसुरी, लांबलेला नाद. षड्ज लागला की यंत्र त्याला आपलीच शीळ समजून त्याच्याशी झगडू लागे आणि सूर पाण्यातल्या प्रतिबिंबासारखा हलू लागे. तंत्रज्ञांनी त्यात संगीतासाठी वेगळी मांडणी घालून दिली आहे, तिने पुष्कळ फरक पडला. तरीही दिवे घाटात ती यंत्र काढून डबीत ठेवते आणि डिकीत जाऊन उजवा खटका वर चढवते.

त्याने प्रश्न सुटतो असे नाही. खटका सारी उजवी बाजू उचलतो, नुसती व्यंजने नाहीत. 'स' मध्ये आला की स्वर उजवीकडे झुकतो. दोन्हींच्या मध्ये एक जागा आहे जिथे दोन्ही थोडे थोडे चुकीचे आहेत आणि तिला ते सुसह्य वाटते. तिथे दुसरी खूण आहे. तिच्या शेजारी बसलेल्याला त्या खुणेवर गायक उजव्या काचेला टेकलेला ऐकू येतो. ज्या दिवशी दुसरा गाडी चालवतो त्या दिवशी जुनी खूण. अशा वेळी समोरच्या सिस्टीमवरचे बॅलन्सचे बटण फिरवले तरी भागेल, हे आम्हाला ठाऊक आहे. पण ते बटण एका वेळी मोठी उडी मारते, आणि बॅटरी काढली की सगळे विसरते. खटका हाताने फिरतो आणि जिथे ठेवला तिथे राहतो.

श्रोत्याशिवाय संहितेला अर्थ नाही, हे वाक्य आम्ही दोघांनी उत्तरपत्रिकांत किती वेळा बरोबर ठरवले असेल याची गणती नाही. आता तपासताना ते वाक्य आले की आमच्यातली एक थोडी थांबते. कुमार गंधर्वांचे एक ध्वनिमुद्रण ती वीस वर्षे ऐकत आली आहे. त्यातल्या वरच्या पट्टीतल्या बारीक झळाळीपैकी नेमके किती आज तिला ऐकू येते आणि किती ती आठवणीतून भरून काढते, हे तिला सांगता येत नाही. दुसऱ्याला तिच्या कानाने ऐकता येत नाही. पूर्वीही येत नव्हते.

दरवर्षी जूनमध्ये, महाविद्यालये सुरू होण्याआधी, ॲम्प काकांकडे जातो. ते झाकण उघडतात, नाक जवळ नेतात, स्पीकरच्या टोकांवरचे मिलिव्होल्ट मोजून आमच्याच वहीत लिहितात : यंदा डावीकडे बारा, उजवीकडे चौदा. दोन्ही बाजू त्यांच्या पडद्यावर अगदी सारख्या दिसतात. गाडीच्या नोंदणीला पंधरा वर्षे केव्हाच उलटली. पुढल्या पाच वर्षांसाठी ती पुन्हा मिळेल की गाडी बदलावी लागेल, ते येत्या वर्षी कळेल. नव्या गाड्यांत सगळा कारभार डॅशबोर्डवरच्या पडद्याकडे असतो आणि जुन्या ॲम्पला हवी ती जोडणी बाहेर काढलेलीच नसते. ती काढून देणारा एक मुलगा तपकीर गल्लीच्या टोकाला बसतो, असे काकांनी सांगितले आहे. त्याच्या दुकानाचा नकाशाही त्यांनी पेन्सिलीने काढून दिला. तो विक्सच्या डबीत, त्या अठ्ठावीस कपॅसिटरांबरोबर ठेवला आहे.